कंबरदुखी, कारण नमूद नाही

प्रीती शेजवळ फिजिओथेरपी शिकली होती. कल्याण पूर्वेला एका डॉक्टरांच्या दवाखान्यामागच्या खोलीत तिने दीड वर्ष लोकांचे आखडलेले गुडघे आणि खांदे मोकळे केले, पण त्यावर घर चालेना. मग बरोबरच्या चार मुलींसारखी तीही मेडिकल कोडिंगकडे वळली. ठाण्याला वागळे इस्टेटमध्ये एका इमारतीच्या पाचव्या मजल्यावर तिची कंपनी होती. डॉक्टरने पेशंटच्या कागदावर काय लिहिलंय ते वाचायचं आणि त्या आजाराचा ठरलेला कोड कॉम्प्युटरमध्ये भरायचा, एवढंच काम. कागद बहुतेक अमेरिकेतले. दिवसाला शंभर-सव्वाशे फायली हातावेगळ्या कराव्या लागत. चार वर्षांत तिचा हात असा बसला होता की शेजारच्या मुलीशी डब्यातल्या भाजीबद्दल बोलता बोलता ती एखाद्याचं हृदय, एखाद्याचं मूत्रपिंड नोंदवून पुढे जाई.

त्या वर्षी मार्चमध्ये कंपनीने इथलंच एक काम घेतलं. शीळफाट्याच्या अलीकडे एक भलंमोठं गोदाम होतं. तिथल्या माल चढवणाऱ्या-उतरवणाऱ्या कामगारांसाठी मालकांनी आवारातच दवाखाना ठेवला होता. आठवड्यातून तीन दिवस डॉक्टर येत, एक नर्स रोज असे. तिथली हाताने लिहिलेली कार्डं स्कॅन होऊन ठाण्याला येत. नावावर काळी पट्टी मारलेली असे. उरत ते फक्त कामगाराचा नंबर, वय आणि काम. डॉक्टरांचं अक्षर भल्याभल्यांना लागेना, म्हणून टीम लीडर साकेतने ते काम प्रीतीकडे दिलं.

कार्डावर दोन नोंदी असत. वर नर्स मराठीत लिही, पेशंट काय सांगतो ते, त्याच्याच शब्दांत. खाली डॉक्टरांचं निदान. गोदामातल्या कार्डांवर ते निदान बहुतेक वेळा तीनच इंग्रजी अक्षरांचं असे, एल. बी. पी. म्हणजे कंबर दुखते. कशामुळे दुखते ते लिहिलेलं नसे. अशा दुखण्यालाही यादीत कोड आहे, एम ५४.५०. कंबरदुखी, कारण नमूद नाही. प्रीतीला त्याला अर्धं मिनिटसुद्धा लागत नसे. पोती उचलणारी माणसं, कंबर दुखणारच, असं तिलाही वाटे.

नंबर ४४१७ चं कार्ड पहिल्यांदा आलं तेव्हा तिने ते असंच पुढे सारलं. वय एकतीस, लोडर. दुसऱ्यांदा आलं तेव्हा वर नर्सने लिहिलं होतं, 'पंधरा दिवस गोळ्या घेऊन फरक नाही. संध्याकाळी अंगात कणकण.' खाली एल. बी. पी. प्रीतीने तापाचाही कोड जोडला. साकेतने तो काढायला लावला. नर्सने लिहिलेल्यावरून कोड लावायचा नसतो, डॉक्टरने लिहिलं असेल तेच धरायचं, हा नियम तिला माहीत होता, आणि गोदामाची कार्डं ज्या तक्त्यात भरायची त्यात कोडसाठी रकानाही एकच होता. तिने तो काढला.

तिसऱ्यांदा कार्ड आलं एप्रिलच्या शेवटी. 'रात्री दुखण्याने जाग येते. पँट ढिली झाली म्हणतो. भूक नाही.' खाली एल. बी. पी.

प्रीतीचा हात थांबला. इंटर्नशिप करताना नगरपालिकेच्या इस्पितळात तिने एक बाई पाहिली होती. तिलाही आधी फक्त कंबरदुखीच होती. फुप्फुसात होतो तोच क्षय तिच्या मणक्यात होता. मणका आतून पोखरत जातो, आणि मग एक दिवस खचतो, भिंतीतली वीट खचावी तसा. त्यामागून जाणाऱ्या मज्जारज्जूवर त्याचा दाब आला की पाय जातात. बाईला स्ट्रेचरवरून आणलं तेव्हा ती सारखी सांगत होती, की पायावर कुणीतरी ओली गोधडी टाकलीय, ती काढा.

कोडरने निदान करायचं नसतं. पण शंका आली तर डॉक्टरला लेखी विचारता येतं, त्याला कोडिंगमध्ये क्वेरी म्हणत. प्रीतीने क्वेरी पाठवली. ताप, वजन घटणं आणि रात्रीचं दुखणं या तिन्ही गोष्टी एकत्र आहेत, कृपया पुन्हा तपासून निदान स्पष्ट करावं. तीन दिवसांनी डॉ. हर्षित यांचं एका ओळीचं उत्तर आलं. स्नायूंचं दुखणं आहे, जड काम आहे, लिहिलंय तेवढंच कोड करावं. त्याच दुपारी साकेतने तिला बाजूला बोलावलं. तो वाईट माणूस नव्हता. गोदामवाल्यांनी तक्रार केल्याचं त्याने सांगितलं. या क्लायंटला यापुढे क्वेरी पाठवायच्या नाहीत.

चौथं कार्ड मेच्या दुसऱ्या आठवड्यात आलं. 'दोन्ही पायांत मुंग्या. जिना चढताना पाय अडकतो.' खाली तीच तीन अक्षरं. तिने तोच कोड भरला. तो भरून झाल्यावर ती वॉशरूममध्ये गेली आणि बराच वेळ नळाखाली हात धरून उभी राहिली.

त्यानंतर ४४१७ चं कार्ड आलंच नाही. महिन्याच्या तक्त्यात त्या नंबरापुढे दोन शब्द होते, 'सेवा समाप्त'.

त्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत ती जागेवरून उठली नाही. तीन महिन्यांत स्वतः भरलेली गोदामाची कार्डं तिने पहिल्यापासून उघडली, आणि या खेपेला डॉक्टरांची ओळ सोडून नर्सची ओळ वाचत गेली. कंबरदुखीची तेवीस माणसं निघाली. त्यांतल्या बहुतेकांचं दुखणं चार दिवसांत गेलं होतं. पाच जणांचं गेलं नव्हतं, आणि त्या पाचही जणांच्या कार्डावर कुठे ना कुठे संध्याकाळची कणकण होती. पाचही नंबर चव्वेचाळीसशेच्या घरातले होते, एकमेकांच्या जवळपासचे. म्हणजे एकाच वेळी, एकाच मुकादमाने आणलेली माणसं.

कामाच्या जागी फोन, कागद, पेन काही न्यायला बंदी होती. प्रीतीने ते पाच नंबर पाठ केले, लिफ्टमधून उतरताना पुटपुटत राहिली, आणि खाली वॉचमनकडून पेन मागून हाताच्या तळव्यावर लिहून काढले.

घरी तिने आईला सगळं सांगितलं. रमाबाई तीस वर्षं नगरपालिकेच्या इस्पितळात आया होत्या, त्यातली नऊ क्षयाच्या वॉर्डात. त्यांनी मुलीचा हात धरून तळवा उजेडात नेला आणि ते आकडे वाचले.

"ह्यांची नावं काय?"

"माहीत नाही. नावं झाकलेली असतात."

"मग जाऊन विचार," रमाबाई म्हणाल्या. "नोकरीचं पुढचं पुढे."

शनिवारी सुट्टी होती. प्रीती कल्याणहून बसने निघाली. रस्त्याच्या दोन्ही बाजूंना नव्या टॉवरांच्या जाहिराती आणि त्यांच्यामागे फोडलेले डोंगर. काटई नाका सोडला तशी कंटेनरांची रांग लागली. गोदामाच्या फाटकासमोर चहाची टपरी होती. तिने चहा घेतला आणि बाकावर बसली. दोन वाजता पहिली पाळी सुटणार होती. कुणाला आणि काय विचारायचं, तिचं काहीच ठरलेलं नव्हतं. सगळ्यांच्या गळ्यात ओळखपत्र असतं, त्यावरचा नंबर वाचायचा, एवढाच तिचा बेत होता.

दोनला भोंगा झाला. शे-दीडशे माणसं बाहेर पडली, आणि तिच्या लक्षात आलं की असे नंबर वाचता येणं शक्य नाही. सगळ्यांनी ओळखपत्रं खिशात कोंबली होती. माणसं रिक्षांकडे, टपरीकडे, पायवाटेकडे पांगली. ती उभी राहून नुसती बघत राहिली.

तेवढ्यात टपरीशी एका माणसाच्या हातून काडेपेटी पडली. चाळिशीचा, काळासावळा, मनगटं रुंद पण गालफडं बसलेली. ती उचलायला कुणीही कंबरेत वाकलं असतं. तो वाकला नाही. एक हात मांडीवर रोवून, पाठ फळीसारखी ताठ ठेवून तो गुडघ्यांत दुमडत खाली गेला, पेटी उचलली, आणि तसाच मांडीला रेटा देत सावकाश वर आला. वर आल्यावर क्षणभर डोळे मिटून थांबला.

पुस्तकात हेच चित्र असतं. पहिल्या वर्षाला प्रीतीने ते वहीत काढलं होतं. मणका किडलेला माणूस जमिनीवरची वस्तू कशी उचलतो.

ती त्याच्याजवळ गेली. "दादा, तुमच्यात चव्वेचाळीसशे सतरा नंबर कुणाचा होता?"

तो दचकला. खिशातलं ओळखपत्र काढून त्याने ते तिलाच दाखवलं. काळुराम, ४४३२. तिच्या पाचांतला हा चौथा होता.

"सतरा नंबर संदेशचा," तो म्हणाला. "तो नाय आता. गावाला नेला त्याला. तुम्ही कोण?"

प्रीतीने खरं ते सांगितलं. तुमच्या दवाखान्यातली कार्डं ठाण्याला आमच्याकडे येतात, त्यावर नाव नसतं, नंबर असतो, आणि तुमचा नंबर मी दोनदा वाचलाय. काळुराम तिच्याकडे बघत राहिला. आसपासची दोघं-तिघंही ऐकायला लागली होती, तसा तो तिला टपरीमागे घेऊन गेला.

"म्हंजे माझ्या पाठीला काय झालं, ते तुम्हाला माहीत हाय?"

"नाही. कार्डावर लिहिलंय की कारण माहीत नाही."

"कोणी लिवलं?"

"डॉक्टरांनी. आणि नंतर मी."

त्याने बिडी पेटवली, पण ओढली नाही. "मग आता कशाला आलात?"

दुखण्याचं कारण शोधता येईल, सरकारी दवाखान्यात फुकट तपासतात, पण उशीर करून चालणार नाही, असं ती बोलत गेली. संध्याकाळी अंग गरम होतं का, रात्री घाम येतो का, तिने विचारलं. तो दर प्रश्नाला मान हलवत होता आणि जसजशी मान हलत होती तसतसा त्याचा चेहरा उतरत होता. शेवटी त्याने बिडी विझवून कानामागे ठेवली आणि म्हणाला, खोलीवर चला, बाकीच्यांनाही सांगा.

खोली गोदामामागच्या ओढ्यापलीकडे होती. विटांच्या चार भिंती, वर पत्रा, आणि एकुलत्या खिडकीला चोरांच्या भीतीने प्लायवूड ठोकलेलं. आत सात जणांची अंथरुणं गुंडाळून भिंतीला लावली होती. बाहेर ऊन रणरणत होतं, पण दारातून आत पाऊल टाकताच डोळ्यांना काही दिसेना. आधी खोकला ऐकू आला. खोल, ओला, एकदा लागला की थांबायचं नाव न घेणारा.

"आमचे विठ्ठलतात्या," काळुराम म्हणाला. "त्यांच्या हातचं खातो म्हणून टिकलोय."

स्टोव्हपाशी साठीचा एक माणूस पाठमोरा बसला होता. खोकला आवरेपर्यंत त्याने तोंड भिंतीकडे ठेवलं, मग पंच्याने ओठ पुसून वळला आणि पाहुणीला बसायला पोतं अंथरलं. तो पूर्वी हमाली करायचा. दोन वर्षांपूर्वी दम लागायला लागला तेव्हा पोरांनीच त्याला सांगितलं, की तात्या, तुम्ही आता उचलू नका, आमचा स्वयंपाक करा. तेव्हापासून तो दिवसभर या खोलीतच असे. पाळीवरून कुणी कधीही येवो, ताट तयार. मुकादमाच्या कागदावर त्याचं नाव नव्हतं, म्हणून त्याला नंबर नव्हता, आणि नंबर नाही म्हणून दवाखान्यात त्याला कुणी तपासत नसे. त्याचं कार्ड प्रीतीसमोर कधीच आलं नसतं.

त्याने चहा केला. प्रीती तो प्याली. मग तिने काळुरामला शर्ट वर करायला सांगितला आणि त्याच्या मणक्यावरून बोटं खाली आणली. कंबरेच्या थोडं वर तिचं बोट एका उंचवट्याला अडलं. सुपारीएवढाच होता तो, पण तिथे काही असायला नको होतं. तिने त्यावर हलकेच टिचकी मारली. काळुरामच्या तोंडून आवाज आला नाही, पण त्याची बोटं दाराच्या चौकटीवर आवळली गेली.

"तुम्ही वजन उचलायचं नाही आजपासून," ती म्हणाली. "एकसुद्धा पोतं नाही. आणि कुणाकडून पाठ चोळून घ्यायची नाही, तुडवून घ्यायची नाही."

पाळीवरून आलेली आणखी दोघं-तिघं दाराशी जमून ऐकत होती. मग त्यांच्यातल्या एकाने सांगितलं, संदेशला हेच केलं होतं. त्याचे पाय लुळे पडायला लागले तेव्हा मुकादमानेच त्याला पोलादपूरच्या गाडीत बसवून दिलं. गावी हाडं बसवणारा एक माणूस होता.

प्रीतीने संदेशच्या घरचा नंबर घेऊन तिथूनच फोन लावला. संदेशच्या आईने उचलला, कलावतीने. तिचा आवाज मोठा आणि स्वच्छ होता, नात्यातल्या कुणाला सांगावं तसं ती सांगत होती. एसटीतून त्याला चौघांनी उतरवला. हाडं बसवणाऱ्याने पालथा झोपवून त्याच्या पाठीवर पाय दिला. कटकन वाजलं. तेव्हापासून कंबरेखाली त्याला काही कळत नाही, चिमटा काढला तरी कळत नाही, लघवीचंही कळत नाही. बारा दिवस झाले.

"कंपनीच्या डॉक्टरांनी स्नायू धरलाय म्हणून सांगितलेलं," कलावती म्हणाली. "ते शिकलेले असतील ना, बाई?"

आजच्या आज तालुक्याला न्या, तिथून जिल्ह्याला पाठवतील, पाठीची नळी दाबली गेलीय असं सांगा, हेच प्रीतीने तीनदा सांगितलं. कलावतीने तिच्याकडून ते शब्द पाठ करून घेतले.

सोमवारी सात वाजता सगळ्यांनी ठाण्याच्या सरकारी रुग्णालयात यायचं असं ठरलं. विठ्ठलतात्या म्हणाला, तुम्ही व्हा पुढे, मी दुपारचं रांधून येतो. प्रीतीने त्याला वेगळं बाजूला घेऊन सांगितलं, की सगळ्यांच्या आधी तपासायचंय ते तुम्हाला. त्याने तिच्याकडे बघितलं, मग आत रचलेल्या सात अंथरुणांकडे. तिला काय म्हणायचंय ते त्याला कळलं, आणि ते त्याला कळल्याचं तिलाही कळलं. तो नुसता "बरं" म्हणाला.

सोमवारी काळुराम धरून तिघेच आले. विठ्ठलतात्या आला नाही.

मेघना नावाच्या तरुण डॉक्टरणीने काळुरामला तपासलं. तिने आधी त्याला पायाच्या टाचांवर चालायला लावलं, मग एमआरआयचा कागद लिहिला आणि त्यावर तातडीचा शिक्का मारला. फोटोत दोन मणके कुरतडलेले दिसत होते आणि त्यांच्यामागे पुवाची गाठ. ती मज्जारज्जूला नुकती टेकली होती. आणखी आठवडा-पंधरा दिवस त्याने पोती उचलली असती तर त्यालाही संदेशसारखंच उचलून न्यावं लागलं असतं, असं डॉक्टरणीने प्रीतीला बाहेर येऊन सांगितलं. काळुराम त्याच दिवशी दाखल झाला. बाकीच्या दोघांपैकी एकाच्या मणक्यात सुरुवात होती. दुसऱ्याच्या छातीत.

क्षयाची नोंद सरकारला कळवावी लागते. डॉ. मेघनाने ती कळवली, आणि क्षयविभागाने गोदामाकडे कामगारांच्या आजारांची माहिती मागवली.

बुधवारी प्रीती कामावर गेली तर तिच्या ओळखपत्राने दार उघडेना. साकेत बाहेर येऊन तिला मीटिंग रूममध्ये घेऊन गेला. तिथे एचआरची एक बाई होती आणि टेबलावर गोदामाचा तक्ता पसरला होता. क्षयविभागाला गोदामाने हाच पाठवला होता. ओळीमागून ओळी. क्षयाचा एकही रुग्ण नाही. कंबरदुखी, कारण नमूद नाही. कंबरदुखी, कारण नमूद नाही. शेवटच्या रकान्यात निदान नोंदवणाऱ्याचं नाव असतं. प्रीती तो रकाना रोज भरायची, पण असा कागदावर तिने तो कधी पाहिला नव्हता. वरपासून खालपर्यंत पी. शेजवळ, पी. शेजवळ, पी. शेजवळ. डॉक्टरांचं नाव त्या तक्त्यात कुठेच नव्हतं. त्यासाठी रकानाच नव्हता.

"ते म्हणतायत, आम्ही कार्डं पाठवली, निदान ह्यांनी नोंदवलं," साकेत हळू आवाजात म्हणाला. "सगळीकडे तुझंच नाव आहे, प्रीती."

"मी क्वेरी पाठवलेली."

"ती आता सिस्टीममध्ये नाहीये."

तिने त्याच्याकडे पाहिलं. त्याची नजर तक्त्यावर होती. त्याचा चेहरा पांढरा पडला होता, आणि त्याने ती स्वतः काढली की त्याला काढायला लावली, हे विचारण्यात काही अर्थ नाही असं तिला वाटलं. एचआरच्या बाईने दुसरा कागद पुढे केला. पेशंटची गुप्त माहिती बाहेर वापरल्याबद्दल तिला कामावरून कमी करण्यात येत होतं. प्रीतीने तो पूर्ण वाचला. त्यात खोटं काही नव्हतं. तिने सही केली, पण आधी तक्त्याच्या एका प्रतीवर, आपल्या नावांच्या रकान्यालगत, पाच नंबरांपुढे पेनाने लिहिलं, 'नर्सच्या नोंदीत ताप,' आणि ४४१७ पुढे आणखी, 'वजन घट. डॉक्टरांना लेखी कळवले होते.' आणि खाली क्वेरी पाठवल्याची तारीख घातली. ती प्रत तिला नेऊ दिली नाही.

दुसऱ्या दिवशी ती क्षयविभागाच्या प्रफुल्लबरोबर शीळफाट्याला गेली. प्रफुल्ल आरोग्यसेवक होता, मोटारसायकलवर थुंकीच्या डब्या आणि फॉर्म घेऊन हिंडणारा, फार न बोलणारा. ओढा ओलांडला तेव्हाच तिला फिनेलचा वास आला.

खोलीचं दार उघडं होतं. फरशी धुतलेली, भिंतींना ताजा चुना. खिडकीचं प्लायवूड तसंच होतं. आत सहा-सात माणसं अंथरुणं सोडत होती, कुणी भिंतीला आरसा टांगत होतं. सगळी नवी. बुलढाण्याकडून काल रात्रीच आणलं, त्यांनी सांगितलं. आधीची माणसं गावी गेली, असं मुकादम म्हणाला होता. विठ्ठल नावाचा कुणी म्हातारा त्यांनी पाहिला नव्हता. स्टोव्ह मात्र तोच होता, आणि त्यांच्यातला एक जण त्यावर भात शिजवत होता.

प्रफुल्लने पोत्यावर बसून फॉर्म काढला आणि एकेकाचं नाव विचारायला सुरुवात केली. नाव कशाला हवं, असं त्यातल्या थोराड माणसाने विचारलं. प्रीती म्हणाली, "उद्या तुमची कंबर दुखली तर कुणाची दुखली ते कळावं म्हणून." त्याला ते पटलं की नाही कळलं नाही, पण त्याने नाव सांगितलं.

पुढचं सगळं सावकाश झालं. चौकशी बसली. डॉ. हर्षित यांनी नोकरी सोडली, ते कुठे गेले ते प्रीतीला समजलं नाही. गोदामात आता छातीचे फोटो काढायची गाडी येते. काळुरामचं ऑपरेशन झालं, चार महिने तो पट्टा बांधून होता, आणि दिवाळीनंतर मुरबाडजवळच्या आपल्या गावी स्वतःच्या पायांनी एसटीत चढून गेला. आता तो ओझं उचलत नाही, शाळेच्या गेटवर बसतो. संदेशला जिल्ह्याच्या इस्पितळात औषधं लागू पडली, ताप गेला, अंगही धरलं. पाय आले नाहीत. कलावती अधूनमधून प्रीतीला फोन करते आणि आज अंगठा हलल्यासारखा वाटला, असं सांगते. प्रीती ते ऐकून घेते. ती आता कल्याणला पुन्हा त्याच डॉक्टरांच्या मागच्या खोलीत बसते. कंबर दुखते म्हणून आलेल्या प्रत्येकाला ती आधी संध्याकाळच्या तापाचं विचारते. लोकांना ते विचित्र वाटतं.

तात्याचा पत्ता मात्र लागेना. काळुरामने इस्पितळातून सुटल्यावर ओळखीच्या सगळ्या मुकादमांना विचारून पाहिलं. त्याच्या मनात तात्याबद्दल राग नव्हता. आपण आजारी पडलो ते तात्यामुळे, हे वाक्य त्याने एकदाही तोंडातून काढलं नाही. तो एवढंच म्हणे, तात्याला गोळ्या मिळायला पाहिजेत.

जानेवारीत एके दुपारी त्याचा प्रीतीला फोन आला. भिवंडीच्या बाजूला ट्रकवर जाणाऱ्या त्याच्या एका भाच्याने तात्याला पाहिलं होतं. कोणत्या रस्त्याला, कोणत्या आवारात, ते त्याला धड सांगता येत नव्हतं, तिकडे सगळी गोदामं सारखीच दिसतात. पण तात्याच होता, खात्रीने. फार वाळलेला होता. ओळख दाखवली नाही त्याने, पंचा तोंडावर धरून आत निघून गेला.

"काय करत होता?" प्रीतीने विचारलं.

"रांधत होता," काळुराम म्हणाला. "मोठी शेड हाय म्हणं. चाळीस जण ऱ्हातात."

तिने त्या भाच्याचा नंबर लिहून घेतला आणि प्रफुल्लला फोन लावला.